गांचोचं पत्रक

३ सप्टेंबर, सकाळ
आमच्या वर्गातली झ्लात्का गेली. बेकरीसमोरच्या झाडावर तिचं शोकपत्रक लागलंय. काळी चौकट, फोटो, नाव, वय, खाली रडणाऱ्यांची नावं. फोटो तिच्या मानाने चांगला निवडलाय. वाईट वाटलं. मग बरं वाटलं. म्हणजे वाईट वाटून झाल्यानंतर.
आता वर्गातला एकटा गांचो उरला. बाकी सगळे माझ्याकडे फायलीत आहेत. (मी स्वतःला धरत नाही. संग्राहक हा नग नसतो.)

३ सप्टेंबर, दुपार
माणूस गेल्यापासून चाळिसाव्या दिवसापर्यंत पत्रकाला हात लावायचा नाही, हा माझा नियम. नियम मीच केला असल्यामुळे अपवाद करण्याचा अधिकारही माझाच. आभाळ भरून आलं होतं. पावसात शाई पसरते आणि माणूस ओळखू येत नाही. म्हणून ओला स्पंज आणि पातळ सुरी घेऊन गेलो. झ्लात्का अर्धी सुटली होती, तेवढ्यात मागून आवाज आला, "आजोबा, ती माझी आजी आहे."
काळ्या कपड्यातली पोरगी. मी म्हटलं, "पावसापासून वाचवतोय तिला." पोरीने वर पाहिलं. तेवढ्यात ऊन पडलं. या गावात हवामानसुद्धा साथ देत नाही.
पत्रक परत लावायला लावलं तिने. लावलं. मग विचारलं, "अशी किती आहेत तुमच्याकडे?" चिडून नव्हे, कुतूहलाने. घरी ये म्हटलं. नाव इस्क्रा. सोफियात सिनेमाचं शिकते.

५ सप्टेंबर
इस्क्रा येऊन गेली. फायली पाहिल्या, बाल्कनीतली खोकी पाहिली, बाथटब पाहिला. टबमध्ये नवी पत्रकं दोन काचांमध्ये सपाट व्हायला ठेवलेली असतात. तिने विचारलं, मग आंघोळ? मी म्हटलं, माझी बायको रायना स्वयंपाकघरात घंगाळ्यात करते, तिची काही तक्रार नाही. रायना सिंकपाशी होती. तिने नळ मोठा सोडला.
इस्क्रा मग म्हणाली की तिला माझ्यावर एक छोटा सिनेमा करायचाय. एक माणूस, एक गाव, एक संग्रह. मला आश्चर्य वाटलं नाही. उशीर झाला याचंच वाटलं. लोम गाव रोज थोडं थोडं रिकामं होतंय. तरुण जर्मनीला नाहीतर स्पेनला जातात, म्हातारे झाडावर चढतात. हे सगळं कोणीतरी जपून ठेवायला नको?
संकल्प: सिनेमा होईपर्यंत वर्ग पूर्ण झालेला असावा. सलग वर्ग, एकही नग न हुकता, साऱ्या डॅन्यूबकाठी कोणाकडे नाही.

९ सप्टेंबर
गांचोकडे गेलो. कोंबडीचं सूप नेलं. त्याच्या छातीचं दुखणं जुनं आहे. बंदरावर क्रेन चालवण्यात जन्म गेला, सगळी कोळशाची भुकटी आत. बायको गेली, मुलगा जर्मनीत. एकटाच पडून होता. मी शाळेत भूगोल शिकवायचो तेव्हापासून आमचं जाणं-येणं जवळजवळ नव्हतंच. पण मैत्री मैत्रीच असते.
त्याने सूप प्यायलं आणि माझ्याकडे बघत बसला. म्हणाला, "झ्लात्का गेली म्हणून आलास ना रे?" मी म्हटलं, छे. तो म्हणाला, "भिंतीवर फोटो आहे बघ, सैन्यातला. तो छापतील तर बरं दिसेल."
फोटो खरंच चांगला आहे. पण मी त्यासाठी गेलो नव्हतो हे इथे नोंदवून ठेवतो.

१४ सप्टेंबर
शूटिंग. माझी मुलाखत झाली. माणूस गेल्यावर चाळीस दिवसांनी लागणारं पत्रक, सहा महिन्यांनी लागणारं, वर्षाने लागणारं, यातला फरक सविस्तर समजावला. इस्क्राने मध्ये एकदाही थांबवलं नाही. यावरून माझ्या बोलण्याची पकड कळते.
मग ती स्वयंपाकघरात गेली. रायना चटणीसाठी मिरच्या भाजत होती, धूर होता, त्यामुळे ती काय बोलली ते मला ऐकू आलं नाही. बहुधा चटणीबद्दल.
नंतर गांचोकडे. तो कॅमेऱ्यासमोर उठून बसला, दाढी केली होती. मला बाहेर थांबायला सांगितलं. कलाकारांचा असा लहरीपणा सहन करावा लागतो.

२७ सप्टेंबर
गांचो अंगणात बसला होता. स्वतः चालत बाहेर आला म्हणे. रंग सुधारलाय. "तुझ्या बायकोच्या सुपाने जीव आला," म्हणाला. आनंद झाला.
परत येताना विचार केला, सूप जरा पातळ करायला हरकत नाही. म्हाताऱ्या माणसाला जड पडतं.

२९ सप्टेंबर
रायनाला म्हटलं, पातळ कर. ती म्हणाली, "का?" मी म्हटलं, पचनासाठी. तिने माझ्याकडे पाहिलं. मग सुपात आणखी एक तंगडी टाकली.

१८ ऑक्टोबर
झ्लात्काचा चाळिसावा होऊन गेला, तिचं पत्रक रीतसर काढून आणलं. आज गांचोच्या डॉक्टरला बेकरीत गाठलं. सहज चौकशी केली. डॉक्टर म्हणाला, सुधारतोय, अशीच मित्रमंडळी हवीत, असे आणखी दोन हिवाळे काढेल. मी म्हटलं, दोन? तो म्हणाला, "तुम्हीच श्रेय घ्या, मास्तर." घेतलं. दुसरं काय करणार.
बेकरीवाली दोनका पाव बांधत होती. ती म्हणाली, वारा फार सुटलाय, असेनचं पत्रक यंदाही राहिलं नाही. असेन तिचा मुलगा, मोटरसायकलच्या अपघातात गेला. ती दरवर्षी नवं पत्रक लावते. मी म्हटलं, नदीचा वारा, फार वाईट. असेनची माझ्याकडे सगळ्या वर्षांची आहेत. दुर्मीळ गोष्ट. दरवर्षी आई म्हातारी होत जाते, मुलगा तेवढाच.

६ नोव्हेंबर
घरात विनाकारण ताण. कारण असं की, रायनाला तिचं पाकीट सापडलं.
मी दूरदृष्टीने काही जवळच्या माणसांची प्लॅस्टिकची पाकिटं तयार ठेवली आहेत. रायनाच्या पाकिटात वारणाच्या समुद्रावरचा फोटो, ती हसतेय, वारा आहे, केस उडतायत. नाव टाइप केलेलं. वय मोकळं. खाली "अखंड प्रेमात" एवढंच. जागा पहिल्या फायलीत, पहिल्या पानावर. एवढा मान मी कोणाला दिलेला नाही. नगराध्यक्षसुद्धा तिसऱ्या पानावर आहेत.
ती पाकीट हातात घेऊन पलंगावर बसली होती. म्हणाली, "हा फोटो मी शोधत होते, ल्युबेन. कित्येक वर्षं." मी म्हटलं, बघ, माझ्याकडे काही हरवत नाही. मग ती म्हणाली, "मला आंघोळ करायचीय." मी म्हटलं, कर की. ती म्हणाली, "टबात."
टब रिकामा करायला जागा लागते. दोन दिवस दे म्हटलं.

१० नोव्हेंबर
रायना वालेन्सियाला मिलेनाकडे गेली. आमची मुलगी तिथे स्पेनमध्ये हॉटेलात काम करते, नात लहान आहे. चार-आठ दिवस. बस सुटताना मी विचारलं, सेंट निकोलसच्या सणाला येशील ना, मासा करायला. ती म्हणाली, "टब रिकामा झाला का?" स्त्रिया एक गोष्ट धरून बसतात.
घर शांत. कामाला उत्तम. तिने वारणाचा फोटो नेलाय. पाकीट ठेवलं आहे.

१३ नोव्हेंबर
सूप मी स्वतः केलं. गांचोने एक घोट घेतला आणि म्हणाला, "एवढी घाई आहे का तुला?" मग उठून त्यानेच कांदा चिरला. मी बसलो. त्याने जेवू घातलं. तात्पुरती व्यवस्था.

२४ नोव्हेंबर
आज वाचनमंदिराच्या हॉलमध्ये सिनेमा दाखवणार. इस्क्राने गावातच पहिला खेळ ठेवला याचा अर्थ तिला गावाची आणि माझी कदर आहे. सूट इस्त्री केला. दोन शब्द बोलायची वेळ येईल म्हणून भाषण तयार ठेवलं. गांचोला घोड्यावर बसवावं तसा टॅक्सीत बसवला.

२५ नोव्हेंबर
हॉलची ध्वनियंत्रणा खराब आहे. त्यामुळे लोक भलत्याच ठिकाणी हसले.
मी चाळीस दिवसांचा आणि वर्षाचा फरक सांगत होतो तेव्हा हसले. बाथटब दिसला तेव्हा तर फारच. रायना पडद्यावर आली, मिरच्या सोलत. म्हणाली, "पूर्वी पोस्टाची तिकिटं जमवायचा. तेव्हा मी काही बोलले नाही. तिकिटांना आई नसते." तेव्हाही हसले, पण कमी.
मग गांचो. दाढी केलेला. म्हणाला, "माझ्या जाण्याकडेच डोळे लावून बसलाय तो, मला काय कळत नाही? बसू दे. त्याच्या आधी या दारात वर्षभर कोणी आलं नव्हतं." तेव्हा कोणीच हसलं नाही. माझ्या शेजारी बसलेला गांचो आपल्याच बोलण्यावर मान डोलावत होता.
मग कॅमेरा फायलीची पानं उलटत गेला. असेन. पुढच्या पानावर असेन. पुढच्या पानावर असेन. मागच्या रांगेत कोणीतरी उठलं. दोनका. ओरडली नाही. एवढंच म्हणाली, "मला वाटलं वारा नेतो."
भाषणाची वेळ आलीच नाही.
इस्क्रा दारात उभी होती. म्हणाली, "आजोबा, मी दोनकाबाईंना ओळखत नव्हते. मला तो फक्त एक सुंदर शॉट वाटला." मी म्हटलं, शॉट सुंदरच होता. ती रडायला लागली. नव्या पिढीला टीका सहन होत नाही.

२६ नोव्हेंबर
सकाळी दारावर थाप. दोनका. हातावर पीठ तसंच. म्हणाली, "मास्तर, माझा मुलगा द्या."
मी तिला समजावलं की संग्रह तुटला की त्याची किंमत जाते. ती ऐकत उभी राहिली. मी दिले. सगळे असेन. तिने एप्रनमध्ये धरले, मिरच्या धरतात तसे, आणि गेली.
हे दीर्घ मुदतीवर उसने दिलेले आहेत, असं मी मानतो.

२ डिसेंबर
आणखी लोक येताहेत. काही शिव्या घालतात, काही काहीच बोलत नाहीत, नाव सांगतात आणि हात पुढे करतात. माझ्याच जुन्या विद्यार्थ्याने, ज्याला मी नद्यांमध्ये पास केला होता, माझ्या बुटांवर थुंकून बापाचं पत्रक नेलं. एक बाई आली आणि पत्रक बघून म्हणाली, "तुमच्याकडेच राहू दे, घरात ठेवलं तर मी वेडी होईन." हिने संग्रहाचं महत्त्व ओळखलं.
सगळं उसनं. बाल्कनीत आता खुर्ची मावते.
पाव खाणं सोडलं. प्रकृतीला चांगलं नाही. (दोनका मला पाव देत नाही, पण तो वेगळा मुद्दा.)

६ डिसेंबर
सेंट निकोलस. रायना आली नाही. फोनवर म्हणाली, नातीचा खोकला आहे, हवा छान आहे, संत्री रस्त्यावर पडतात. मी म्हटलं, टब रिकामा झालाय. खरंच झालाय. ती मग म्हणाली, "कोणी केला?" मी म्हटलं, गावकऱ्यांनी. ती म्हणाली, "बरं."
ती आली तर त्यात आंघोळ करील. नाही आली तर मीही करू शकतो. केली नाही अजून. थंड दिसतो तो रिकामा.

२४ डिसेंबर
गांचोकडे. त्याने तेलावर बीन्स केल्या, सुकी फळं उकळली, दोनकाकडून पाव आणला. म्हणाला, "तुझ्यासाठी नाही म्हणून सांगून आणला, आता खा." पाव मोडताना एक तुकडा त्याच्या गेलेल्या बायकोसाठी बाजूला ठेवला. मग विचारलं, "तुझ्या बाजूला कोणासाठी ठेवू?" मी म्हटलं, माझे सगळे जिवंत आहेत. तो म्हणाला, "हो, वालेन्सियात," आणि हसला, हसता हसता खोकला लागला, बराच वेळ लागला.
मी पाठीवर हात फिरवला. त्याची हाडं कळत होती. त्या वेळी मी फायलीचा विचार करत नव्हतो. म्हणजे नंतर आठवलं की करत नव्हतो.
संकल्प: नव्या वर्षात गांचोला वसंतात नदीवर न्यायचं. वर्ग थांबू शकतो.

१६ जानेवारी
सकाळी गेलो. दार उघडं होतं. गांचो खुर्चीत. एका पायात बूट, दुसरा हातात. कुठे निघाला होता कोण जाणे.
बूट त्याच्या हातातून काढून पायात घातला. नाडीही बांधली. मग डॉक्टरला बोलावलं.
मी रडलो नाही. चुलीचा धूर होता. चूल विझलेली होती हे खरं आहे.

१८ जानेवारी
मुलगा जर्मनीहून आला. गोरागोमटा, घाईत. त्याच दिवशी पुरलं. पाद्री प्रार्थना अर्धी गिळत होता, थंडी होती. आम्ही पाच माणसं, त्यातले दोघे खड्डेवाले.
मी मुलाला विचारलं, पत्रकं कधी छापणार? तो म्हणाला, "कशाला काका? फोनवर टाकलंय. सगळ्यांना कळलं." मी विचारलं, सगळे म्हणजे कोण? त्याने फोन दाखवला. फुलं, हात जोडलेले, हृदयं. लोममधलं त्यात कोणी नाही.
मी त्याला समजावलं की दारावर पत्रक नसेल तर माणूस गेला हे दाराला कळत नाही. त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "तुम्ही ते सिनेमातले ना?" सैन्यातला फोटो भिंतीवरून काढून बॅगेत टाकला आणि संध्याकाळच्या विमानासाठी सोफियाला गेला.
पन्नास वर्षांत वर्गातला प्रत्येकजण झाडावर लागला. गांचो कुठेच नाही.

१९ जानेवारी
नियमांचा पुनर्विचार. संग्राहकाने स्वतः छापलेलं पत्रक संग्रहात धरता येत नाही. ती नक्कल होते. पण ते दारावर लावलं, लोकांनी वाचलं, चाळिसाव्यापर्यंत ऊन-पाणी खाल्लं, तर ते अस्सल होतं. असा नियम आजपासून आहे.
इस्क्राला फोन केला. फोटो हवा म्हटलं. तिने सिनेमातला पाठवला. गांचो चमचा उचलून कोणाला तरी काहीतरी सांगतोय, तोंड अर्धं उघडं. शोकपत्रकावर असा फोटो कोणी छापत नाही. दुसरा नाही.

२० जानेवारी
मजकूर लिहायला सकाळ गेली. हजारोंचे वाचलेत, वाटलं होतं हातचा मळ. "आदर्श पिता" लिहिलं, खोडलं. "कष्टाळू" लिहिलं. सगळे कष्टाळूच असतात. शेवटी लिहिलं, क्रेन चालवायचा. सूप छान करायचा.
खाली शोकाकुल. मुलाचं नाव टाकलं. त्याच्याखाली ओळ रिकामी दिसत होती म्हणून माझं नाव टाकलं. नात्याच्या जागी काय लिहावं कळेना. "वर्गमित्र" लिहिलं. मग "वर्ग" काढलं.
एकच प्रत छापली. एकच दार आहे.
वारा फार. टेपने टिकत नाही. त्याच्या शेडमध्ये फरशा बसवायच्या गोंदाचा डबा होता. त्याने लावलं. आता डॅन्यूब आली तरी हलणार नाही.

४ फेब्रुवारी
रोज बघायला जातो. पत्रकाची स्थिती उत्तम. कडा किंचित पिवळ्या, मला हव्या तशा.
लोक थांबतात. वाचतात. माझं नाव वाचतात आणि मला पाहतात. डॉक्टरने माझा हात हातात घेतला, म्हणाला, देव त्याला क्षमा करो. मी म्हटलं, कशाबद्दल? तो म्हणाला, असं म्हणतात मास्तर. माहीत आहे मला असं म्हणतात. मला आजवर कोणी म्हटलं नव्हतं, एवढंच.

२४ फेब्रुवारी
चाळिसावा. रीतीप्रमाणे त्याच्या नावाने गहू उकडले, साखर घातली, कागदी पेल्यांतून वाटले. तीन घरांनी घेतले. दोनकाने घेतले. खाल्ले की टाकले माहीत नाही.
मग दाराकडे वळलो. स्पंज, सुरी, गरम पाण्याची किटली. स्पंजने काही झालं नाही. किटली ओतली, शाई वाहायला लागली, कागद तसाच. सुरी कडेने घातली तर दाराचा रंग निघाला, पत्रक नाही. मी नखांनी लागलो.
दोनका पलीकडे पेला धरून उभी होती. म्हणाली, "जोराने ओढू नका मास्तर. फाटेल."
मी म्हटलं, मला या कामाचा अनुभव आहे.
फाटलं. आधी एक पट्टी, कानापासून खांद्यापर्यंत. मग चमचा. मग नुसते तुकडे, नखात जातील एवढे. तोंड काही निघालं नाही. ते दारावरच आहे, अर्धं उघडं.
दोनका जवळ आली आणि माझे हात धरले. बोटांतून रक्त येत होतं, ते तिने एप्रनला पुसलं. "राहू दे त्याला आता," म्हणाली. मी म्हटलं, राहू देतोच आहे, निघत नाही म्हटल्यावर.

२४ फेब्रुवारी, संध्याकाळ
तुकडे वाळवले. पाकिटात घातले. पाकीट बंद झालं. फायलीत क्रमाने, झ्लात्काच्या पुढे ठेवलं. तांत्रिकदृष्ट्या वर्ग पूर्ण आहे.
रायनाला फोन करून सांगितलं, वर्ग पूर्ण झाला.
ती म्हणाली, "बरं. मग आता?"
लाइन अगदी स्वच्छ होती, मागे नात खेळत होती तेसुद्धा ऐकू येत होतं. मी म्हटलं, काही ऐकू येत नाही गं, नंतर करतो.